ग्रांदे बेटाच्या बोटवाल्यांना खुले पत्र : प्रवाळावर नांगर टाकू नका

प्रति,
ग्रांदे बेटावर पर्यटक नेणारे सर्व बोटमालक, तांडेल आणि डायव्हिंग व्यावसायिक
(कोको बीच, शिकेरी, मालीम, बायणा, बोगमाळो)

प्रत : पर्यटन खाते, बंदर कप्तान खाते आणि वन खाते, गोवा सरकार

सप्रेम नमस्कार.

मागणी एकच आहे, ती आधीच सांगते. झुआरीच्या मुखाबाहेरच्या ग्रांदे बेटाच्या आडोशाला बोट उभी करताना तळावरच्या प्रवाळात नांगर टाकणं थांबवा. आणि ते तुम्हाला थांबवता यावं म्हणून सरकारने तिथे बोटी बांधण्यासाठी कायमच्या बोया बसवून द्याव्यात. पुढे जे लिहिलं आहे ते सगळं या मागणीमागचं कारण आहे. सवड काढून वाचा.

मी वास्कोत मराठी शाळेत भूगोल शिकवला. तुमच्यापैकी काही जण माझ्या वर्गात बसलेले आहेत, काहींची मुलं बसलेली आहेत. त्यामुळे हे पत्र कुणावर आरोप करायला लिहिलेलं नाही. ज्या गोष्टीचं नुकसान होतंय ती गोष्ट तिथे आहे हेच तुम्हाला कधी कुणी सांगितलं नाही, आणि त्यात आम्हा शिकवणाऱ्यांचाही वाटा आहे. भारतातली प्रवाळं शिकवताना आम्ही नकाशावर चार ठिकाणं दाखवतो : कच्छचं आखात, मन्नारचं आखात, लक्षद्वीप आणि अंदमान-निकोबार. मुलं चार ठिपके काढतात, उत्तर बरोबर येतं, धडा संपतो. मालवण त्या नकाशावर नसतं. विजयदुर्गासमोर खोल समुद्रात बुडालेला, आंगऱ्यांच्या नावाने ओळखला जाणारा आंग्रिया बँक हा प्रवाळाचा उंचवटा नसतो. आणि बायण्याच्या किनाऱ्यावरून उघड्या डोळ्यांनी दिसणारं ग्रांदे बेट तर नसतंच. मग तळाशी जे गोल, खरबरीत, तपकिरी दगड दिसतात ते दगडच असणार असं तांडेलाने धरून चालावं, यात नवल काय?

ते दगड नाहीत. प्रत्येक गड्डा म्हणजे हजारो बारीक प्राण्यांची वस्ती. एकेक प्राणी इवलासा, मऊ, तोंडाभोवती बारीक शुंडकांची झालर असलेला, आणि त्याने स्वतःच्या अंगातून चुना काढून बांधलेलं घर. त्याच्या पेशींत सूक्ष्म शैवाल राहतं. ते उन्हावर अन्न तयार करतं आणि त्यातला मोठा वाटा या प्राण्याला देतं. म्हणून प्रवाळाला उजेड लागतो, म्हणजे पाणी उथळ हवं आणि बऱ्यापैकी स्वच्छ हवं.

आता हे झुआरीच्या मुखाबाहेर कसं जमतं, हा भूगोलातला मोठा सुंदर प्रश्न आहे. मांडवी आणि झुआरी, कुंभारजुव्याच्या कालव्याने एकमेकींना जोडलेल्या, पावसाळ्यात सह्याद्रीची माती घेऊन समुद्रात उतरतात. जून ते सप्टेंबर मुखाजवळचं पाणी गढूळ असतं, वरच्या थरातला खारेपणा एकदम उतरतो. बाहेरून नैर्ऋत्य मोसमी लाटा आदळत असतात. लक्षद्वीपसारखी पांढऱ्या वाळूची, निळ्याशार पाण्याची भिंत इथे उभी राहणं शक्यच नाही. पण बेटाच्या ज्या कुशीला लाटांपासून आडोसा मिळतो, तिथे कातळाला धरून प्रवाळाचे विखुरलेले गड्डे वाढतात. पावसाळाभर तग धरतात, ऑक्टोबरनंतर पाणी निवळलं की पुन्हा उजेड घेऊ लागतात. काटक जातीच आहेत या. गढूळ पाणी सोसणाऱ्या.

आणि इथेच गाठ पडते. प्रवाळाला जो आडोसा लागतो तोच बोटीला लागतो. लाट नाही, पाणी उथळ, पर्यटकांना उतरवायला सोपं. म्हणून हंगामात रोज बोटी नेमक्या त्याच जागेवर येऊन उभ्या राहतात आणि नेमक्या त्याच जागेवर नांगर पडतात. वाळूत नांगर घसरतो. गड्ड्यात काटा अडकला की पक्का बसतो. तांडेलाच्या दृष्टीने चांगला नांगर तो, जो प्रवाळात रुतलेला असतो.

एका जानेवारीत मास्क लावून मी पाण्यावर पालथी तरंगत होते. शेजारच्या बोटीवरून चार काट्यांचा लोखंडी नांगर पाण्यात पडला. खाली जाताना त्याने बुडबुड्यांची रेघ ओढली आणि एका गोल गड्ड्याच्या खांद्यावर आपटला. आवाज पाण्यातून स्पष्ट ऐकू आला, कौल फुटल्यासारखा. गाळाचा ढग उठला. तो विरला तेव्हा दिसलं की गड्ड्याचा कपचा निघाला होता आणि आतला चुना ताज्या खोबऱ्यासारखा पांढराफेक होता. दोन-तीन काळे-पिवळे पट्टेरी मासे लगेच धावले आणि त्या उघड्या जखमेवर चोची मारू लागले. बोटीवरच्या खलाशाने दोर दोनदा ओढून पाहिला, नांगर धरतोय याची खात्री केली आणि गाठ मारली. त्याने आपलं काम चोख केलं होतं.

खरं नुकसान त्यानंतर होतं, आणि ते तुम्हाला वरून दिसत नाही. सकाळी मतलई वारे जमिनीकडून वाहतात. बोटीचं तोंड पूर्वेकडे असतं. दुपारच्या सुमारास वारा फिरतो आणि खारे वारे वायव्येकडून येऊ लागतात. नांगरावरची बोट वाऱ्याबरोबर वळते. ती वळते तेव्हा तळाला टेकलेला दोर आणि साखळी कातळावरून घासत जातात, आणि वाटेत येणारे छोटे गड्डे, समुद्री पंखे (पंख्यासारखी पसरणारी प्रवाळं), कोवळी प्रवाळं सगळं खरवडून काढतात. हे वारे मी वर्षानुवर्षं फळ्यावर बाण काढून शिकवले. त्यांचा या बेटाच्या तळाशी असा संबंध असेल हे मला पाण्यात डोकं घातल्यावर समजलं.

गोल गड्ड्यांची प्रवाळं वर्षाला साधारण १ सेंटिमीटर वाढतात. गुडघ्याएवढा, अर्ध्या मीटरचा गड्डा म्हणजे ५० वर्षांची वाढ. १९८७ साली गोवा घटक राज्य झालं त्याच्याही आधीपासून तो तिथे बसलेला आहे. त्याला फोडायला एक सकाळ पुरते.

हे सगळं वाढवून सांगतेय असं वाटत असेल तर मन्नारच्या आखाताकडे पाहा. भारताची आग्नेय बाजू आणि श्रीलंका यांच्या मधलं ते आखात. उत्तरेला रामसेतूची उथळ रांग, तिच्यापलीकडे गाळाची, उथळ पाल्कची सामुद्रधुनी. दक्षिणेकडे मात्र तळ खोल खोल उतरत जातो. रामेश्वरमपासून तुतिकोरिनपर्यंत किनाऱ्याला समांतर २१ छोटी, निर्मनुष्य बेटं होती. प्रत्येकाभोवती प्रवाळाचं कुंपण. त्याच्या आतल्या शांत पाण्यात समुद्री गवताची कुरणं, त्यावर चरणारे डुगाँग म्हणजे समुद्रगाई, समुद्रघोडे, शंख, कासवं. इथल्या मोत्यांची कीर्ती फार जुनी. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात ताम्रपर्णिक मोती येतात ते याच किनाऱ्याचे. आपल्या देशात इतकं भरलेलं आखात दुसरं नाही असं माझं मत आहे.

तिथल्या लोकांनी काय केलं? वाईट हेतूने काहीच नाही. प्रवाळ फुकट मिळणारा चुना होता. होड्या भरभरून तो काढला, भट्ट्यांत भाजला, बांधकामात वापरला. वर्षानुवर्षं. प्रवाळ गेलं तशी लाट अडवणारी भिंत गेली, आणि लाटा बेटांची वाळू खाऊ लागल्या. २१ पैकी पूवरसनपट्टी आणि विलंगुचल्ली ही दोन बेटं आज पाण्याखाली आहेत. वान नावाचं आणखी एक बेट झिजत झिजत इतकं आक्रसलं की ते वाचवायला त्याच्यासमोर समुद्रात काँक्रीटचे कृत्रिम खडक सोडावे लागले. मोत्यांचीही तीच गत. तुतिकोरिनला मोती काढण्याचा शेवटचा मोठा हंगाम १९६१ साली झाला, त्यानंतर तळावरच्या शिंपल्यांच्या वस्त्या पूर्वीसारख्या भरल्याच नाहीत. १९८६ साली तिथे सागरी राष्ट्रीय उद्यान झालं, १९८९ साली १०,५०० चौरस किलोमीटरचं जीवावरण राखीव क्षेत्र झालं. हे सगळं झालं, पण बुडालेलं बेट वर आलं नाही.

ग्रांदे बेट काही बुडणार नाही, ते कातळाचं आहे. पण त्याच्याभोवतीचं जिवंत जे काही आहे ते मन्नारच्या तुलनेत मूठभर आहे. तिथे मोठ्या पसाऱ्यातून खरवडत राहिले तरी दशकं लागली. आपल्याकडे तेवढा पसाराच नाही.

तुमचं म्हणणं मला माहीत आहे, कारण ते मी बायण्याला समोरासमोर ऐकलंय. "बाई, नदीतून गाळ येतो, बंदरात एवढी जहाजं येतात, समुद्र तापतोय, आणि तुम्हाला आमचाच नांगर दिसतो?" या म्हणण्यात तथ्य आहे. ग्रांदेभोवतीची प्रवाळं उन्हाळ्यात पांढरी पडल्याच्या नोंदी शास्त्रज्ञांनी केलेल्या आहेत. नेहमीच्या कडक उन्हाळ्यापेक्षा पाणी जेमतेम १ अंशाने जास्त तापलं आणि काही आठवडे तसंच राहिलं, की प्रवाळ आपल्या अंगातलं शैवाल बाहेर टाकतं. रंग जातो, अन्नही जातं. लवकर थंडावा मिळाला तर ते सावरतं. पण सावरायला अंग धड लागतं. आजारातून उठणाऱ्या माणसाला रोज कुणी धक्का मारून पाडत असेल, तर आजार मोठा की धक्का मोठा हा वाद घालण्यात अर्थ नाही. समुद्राचं तापमान तुमच्या हातात नाही, माझ्याही नाही. नांगराचा दोर मात्र तुमच्याच हातात आहे.

शिवाय हे तुमच्या पोटाचंही आहे. पर्यटक पैसे देतो तो रंगीत मासे पाहायला. पोपटमासे, फुलपाखरूमासे हे सगळे गड्ड्यांच्या खोबणी आहेत म्हणून तिथे आहेत. गोब्रे आणि तांबोशी यांची पिल्लंही अशाच कपारींत मोठी होतात. ती पुढे कुणाच्या तरी गळाला लागतात आणि मडगावच्या बाजारात जातात. तळ सपाट झाला तर ना मासा राहणार, ना तो दाखवायची बोटफेरी. आताच तुमच्यातले जुने लोक म्हणतात की पूर्वीइतके मासे दिसत नाहीत.

आता उपाय. तो नवा नाही आणि फार महागही नाही. १९८१ साली अमेरिकेत फ्लोरिडाच्या की लार्गोजवळ जॉन हालास नावाच्या जीवशास्त्रज्ञाने प्रवाळाजवळच्या खडकात भोक पाडून त्यात गंज न धरणारा पोलादी खिळा सिमेंटने पक्का बसवला. खिळ्याला वर तरंगणारा दोर, दोराला बोया, आणि बोयाला बोटीवरून आकड्याने उचलता येईल असा छोटा दोर. बोट येते, तो दोर उचलते, बांधते. जाताना सोडून देते. दोर तरंगता असल्यामुळे तळावर काही घासत नाही, वारा फिरला तरी बोट मोकळी फिरते. हीच पद्धत पुढे जगभर पसरली. तांबड्या समुद्रात हुरघाडा इथे तर डायव्हिंग व्यावसायिकांनी स्वतःच एकत्र येऊन १९९२ साली संस्था काढली आणि बोया बसवायला सुरुवात केली, कारण नांगरांनी आपलाच धंदा फुटतोय हे त्यांनी पाण्याखाली जाऊन पाहिलं होतं. तुमच्यातले डायव्हिंगवालेही ते रोज पाहतात. त्यांनी पुढे व्हावं असं मला मनापासून वाटतं.

गोव्यात एक फरक करावा लागेल. आपला पावसाळा कुठलीही बोया ठेवणार नाही. म्हणून मे संपता संपता बोया आणि वरचा दोर काढून घ्यायचा, खिळा तसाच ठेवायचा, आणि ऑक्टोबरमध्ये तपासून पुन्हा जोडायचा. तुमच्या बोटी पावसाळ्यात बंदच असतात. जिथे कातळ नाही तिथे वाळूच्या मोकळ्या पट्ट्यात काँक्रीटचा जड ठोकळा ठेवता येतो. कुठे कातळ, कुठे वाळू, कुठे प्रवाळ हे ठरवायला दोनापावल्याची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आपल्या दारात आहे. गोव्याला तज्ज्ञ बाहेरून आणायची गरज नाही.

खर्च सरकारने करावा. हे मी तिन्ही खात्यांना उद्देशून लिहिते. गोव्याची जी जाहिरात होते ती याच पाण्याची होते. बोया बसवणं, त्यांची वर्षाला देखभाल, प्रत्येक बोयाला किती मोठ्या आणि एका वेळी किती बोटी बांधायच्या याचे नियम, हे बंदर कप्तान खात्याचं काम आहे. बोया न बसवता आधी दंड लावायला निघालात तर ते अन्यायाचं होईल. दहा-वीस माणसं बोटीत बसवलेला तांडेल बोट कुठे बांधणार, हे आधी त्याला दाखवा, मग त्याला नियम सांगा.

कायद्याबद्दल बोटवाल्यांच्या मनात भीती आहे हेही मला ठाऊक आहे. "प्रवाळ आहे म्हणून बोललो की वन खातं येणार आणि बेट बंद करणार." खडक बांधणारी सगळी प्रवाळं आणि समुद्री पंखे २००१ सालापासून वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, म्हणजे वाघाच्या पंक्तीत. तुम्ही बोला किंवा बोलू नका, कायदा तिथे आहेच. पण भीती निराधार नाही. शेजारच्या मालवणात १९८७ साली सागरी अभयारण्य जाहीर झालं तेव्हा मच्छीमारांना विश्वासात घेतलं नाही, आणि त्यांचा विरोध पुढे वर्षानुवर्षं टिकला. वन खात्याला माझी विनंती आहे की ग्रांदेच्या बाबतीत तसं करू नका. बोटवाल्यांशिवाय या बेटावर रोज नजर ठेवणारं कुणीही नाही.

नांगराबरोबर आणखी दोन-तीन गोष्टी जाता जाता सांगते. पर्यटकांना माशांसाठी ब्रेड आणि वेफर टाकू देऊ नका. त्याने एकाच जातीचे दांडगे मासे गोळा होतात आणि बाकीचे हुसकले जातात. पोहायला न येणाऱ्याला गड्ड्यावर उभं करून फोटो काढू नका, त्याला तरंगायचं कडं द्या. आणि वाटेत डॉल्फिन दिसले की त्यांच्या कळपात बोट घालू नका. आपल्या किनाऱ्याचा हा कुबडवाला डॉल्फिन जगभरात धोक्यात आलेल्या जातींत गणला जातो. तो नदीमुखाशी, किनाऱ्याला धरूनच राहतो. आपण त्याच्या अंगावर गेलो तर त्याला खोल समुद्रात पळून जायची सोय नाही. इंजिन मंद करा, बाजूने चला. तो स्वतःहून जवळ येतो, हे तुम्ही माझ्यापेक्षा जास्त वेळा पाहिलं असेल.

बोया बसेपर्यंत काय करायचं, हेही विचाराल. बोटीवरच्या एका पोराने मास्क लावून आधी पाण्यात डोकावावं, वाळूचा पट्टा शोधावा आणि तिथेच नांगर हाताने नेऊन ठेवावा. पाणी तिथे उथळ असतं, आणि तुमची पोरं माशासारखी पोहतात. दोन बोटी एकत्र आल्या तर दुसरीने पहिलीला बांधून घ्यावं, म्हणजे एक नांगर कमी. यासाठी कुणाच्या परवानगीची गरज नाही, उद्यापासून करता येईल.

हंगाम सुरू व्हायच्या आधी, सप्टेंबरच्या शेवटी, बायण्याला किंवा मालीमला एक बैठक घ्या. बोटमालक, तांडेल, डायव्हिंगवाले, तिन्ही खात्यांचे अधिकारी आणि समुद्रविज्ञान संस्थेतलं कुणीतरी. तांडेलांना पहिलं बोलू द्या. बेटाचा एक मोठा नकाशा भिंतीवर लावा आणि कोण कुठे नांगर टाकतो त्याच्या खुणा तुम्हीच करा. बोया कुठे हव्यात ते त्यावरूनच ठरेल. नकाशा काढून आणायचं काम मी करते. तारीख आणि जागा तेवढी कळवा.

आपली,
वास्कोतली एक निवृत्त भूगोल शिक्षिका